रिकाम्या खोलीचा सूर

९ जानेवारी, गुरुवार

आज पायपेटीवरची चादर काढली. मे महिन्यात नवऱ्याला, रीनोला, पुरून आल्यावर घातली होती, ती तशीच होती. भात्यात उंदरांनी घर केलं असेल असं धरून चालले होते. तसं काही नाही. एक पट्टी चिकटते, एवढंच.

निमित्त डेनीसचं. दुपारी बर्फातून गाडी हाणत आली, दारात बूट आपटले आणि कोट न काढताच म्हणाली, "मिसेस कांगास, नाही म्हणायचं असेल तर आधी कॉफी द्या, मग म्हणा."

डेनीस ट्रेवॅरो आता चाळिशीला टेकली. दोन चित्रपट काढून झाले, तिसरा संगीतावाचून अडकलाय. पण लहानपणी चर्चमध्ये रविवारच्या शाळेत मी तिला गाणी शिकवली, त्यामुळे मी तिच्यासाठी अजून मिसेस कांगास. तिच्या दोन्ही चित्रपटांना संगीत माझं होतं, आवाज रीनोने घेतला होता, म्हणजे रेकॉर्ड केला होता. इतरांचेही काही केले आम्ही. आमच्या भागात चित्रपट काढायचा म्हणजे कॅमेरा स्वतःच्या गाडीत, शूटिंग कोणाच्या तरी आजीच्या घरात आणि जेवण माझ्याकडून. ह्या लोकांना वाद्यवृंद परवडत नाही. पायपेटीवाली बाई परवडते.

तिसरा चित्रपट गेल्या मार्चमध्ये टेकडीवरच्या युलितालोंच्या रिकाम्या घरात घेतला. आई गेल्यावर दोन बहिणी घर आवरायला येतात आणि बर्फात अडकून पडतात, एवढीच गोष्ट. रीनोचं ते शेवटचं काम. नंतर दोन महिन्यांनी तो अंगणात लाकडं रचता रचता खाली बसला आणि उठला नाही.

मी हो म्हणाले. डेनीसला वाटलं तिच्या गोड बोलण्यामुळे. खरं कारण तिला सांगितलं नाही, इथे लिहिते. माझ्याकडे रीनोचा आवाज नाही. जन्मभर दुसऱ्यांचे आवाज घेत फिरला, स्वतः एका शब्दाने कुठे सापडत नाही. घरच्या फोनवर नोंदवलेल्या निरोपात 'आम्ही बाहेर आहोत' म्हणणारी मी. पुतण्याच्या लग्नाच्या चित्रफितीत तो कडेला उभा आहे, तोंड मिटून. मूलबाळ नाही, की त्यांच्यापाशी काही असेल. मला फक्त एक खोकला मिळाला तरी चालेल. 'पुन्हा घ्या' एवढं म्हणालेला मिळाला तर देवाकडे आणखी काही मागणार नाही.

डेनीसला म्हटलं, कापलेला चित्रपट नको, सगळं कच्चं रेकॉर्डिंग दे. ती म्हणाली, "त्याचं तुम्ही काय करणार?"

म्हटलं, "ऐकणार."

१४ जानेवारी, मंगळवार

सकाळपासून संध्याकाळपर्यंत कानाला हेडफोन. दिग्दर्शिका बोलते, नट्या बोलतात, पाटी धरणारा प्रसंगाचे आकडे ओरडतो, कुणाचं तरी पोट वाजतं. रीनो कुठेच नाही. तो यंत्रामागे होता आणि यंत्राला पुढचंच ऐकू येतं.

राहिले ते रिकाम्या खोल्यांचे आवाज. एका जागेतलं काम संपलं की रीनो हात वर करायचा. बोलायचा नाही, नुसता हात. मग ज्याने त्याने असेल तिथे गोठायचं आणि तो त्या खोलीची शांतता भरून घ्यायचा. पुढे चित्रपट कापताना संवादांमध्ये भोकं पडतात, ती ह्या शांततेने बुजवतात. युनिटमधली पोरं त्याला रूम टोन म्हणतात. रीनो त्याला काहीच म्हणायचा नाही.

शांतता म्हणजे काही नसणं नव्हे, हे मला त्याच्याकडून कळलं आणि नंतर वाचनालयातल्या एका जाड पुस्तकातून पुन्हा कळलं. प्रत्येक खोलीचा एक सूर असतो. तारा, पाईप, छपरावरचा बर्फ, सगळ्यांचा मिळून. संगीत त्या सुराशी भांडलं तर प्रेक्षकाला का कोण जाणे, बसवत नाही. म्हणून मी आधी घराचा सूर शोधते आणि मग पेटी लावते. युलितालोंच्या घराचा सूर दोन पट्ट्यांच्या मधोमध पडतो. रीडच्या टोकांना मेणाचे ठिपके लावून सूर उतरवायला दोन दिवस जातील.

१८ जानेवारी, शनिवार

पेटी लागली. स्वयंपाकघराच्या प्रसंगाचं सूत्र आज एका बैठकीत उतरलं. धाकटी बहीण आईची भांडी खोक्यात भरते, बोलत नाही, त्याखाली वाजायचं आहे. चार ओळींची चाल. तिसरी ओळ वर जाते आणि पोचायच्या आधीच परत फिरते.

इतक्या सहज मला कधी सुचत नाही. एरवी एका ओळीसाठी दोन-दोन दिवस घोटाळते. आज बोटं जणू ओळखीच्या वाटेने गेली. हे चांगलं की वाईट, कळत नाही. दुसऱ्या कुणाची चाल नकळत उचलली नाही ना, म्हणून भजनांची सगळी पुस्तकं चाळली. कुठे नाही.

वाफेच्या अंघोळीसाठी सौना तापवली. एकटीसाठी लाकडं जाळायचं जिवावर येतं, पण शनिवारची सौना चुकवायची नसते.

२१ जानेवारी, मंगळवार

जसं घडलं तसं लिहिते.

सकाळी स्वयंपाकघराचा रूम टोन लावला. चाल घराच्या सुरावर बसते का, एवढंच पाहायचं होतं. म्हणून आवाज नेहमीपेक्षा खूप वाढवला. आधी घराचा सूर आला. मग त्याच्या खाली, भिंतीपलीकडून यावं तसं, कोणीतरी गुणगुणत होतं.

माझीच चाल. शनिवारी मी रचलेली. तिसरी ओळ वर जाते आणि पोचायच्या आधी परत फिरते.

रेकॉर्डिंग मागच्या मार्चचं आहे.

मी हेडफोन काढून टेबलावर ठेवले. तरी तो सूर क्षणभर चालूच होता, इथे, माझ्या घरात. मी श्वास रोखला तेव्हा थांबला.

मग उठून दाराला कडी लावली. दिवसाढवळ्या, ह्या गावात, जिथे कोणी कुलूपसुद्धा लावत नाही.

२२ जानेवारी, बुधवार

तो रीनो आहे. दुसरं कोण असणार? त्या वेळी स्वयंपाकघरात तो आणि त्याचं यंत्र, एवढेच होते. टेकडीवरच्या घरात बाकीच्यांना तो बाहेर काढायचा. मी कधी त्याला गुणगुणताना ऐकलं नाही हे खरं, पण माणूस एकटा असताना काय करतो ते बायकोला तरी कुठे कळतं?

आणि चाल? ती माझ्याकडे कशी आली? एवढी वर्षं एका घरात राहून त्याने कधीतरी, कोठारात, माझ्या पाठीमागे म्हटली असेल आणि माझ्यात मुरली असेल. किंवा तसं नसेल. दुसऱ्या शक्यतेचा विचार करते तेव्हा हात गार पडतात. पण भीतीने नाही, असं वाटतं.

२३ जानेवारी, गुरुवार

इर्या कॉफीला आली. रीनोची बहीण, म्हणजे माझी नणंद. भाऊ जेवढा मुका तेवढी ही बडबडी. देवाने दोघांचा वाटा एकीलाच दिला.

मी भांडी विसळत होते. ती मागून म्हणाली, "झालं तुझं सुरू?"

"काय सुरू?"

"गुणगुणणं."

"मी कधी गुणगुणत नाही."

"अगं लेम्पी, माझ्या भावाशी लग्न झाल्या दिवसापासून गुणगुणतेस. हातात भांडं आलं की तुझी पेटी वाजते. आमची आई म्हणायची, सून आणली की किटली?"

मी म्हटलं, "आवाज घेणाऱ्याची बायको आहे मी. त्याचा हात वर गेला की श्वाससुद्धा मोजून घेते."

"बरं बाई. मीच बहिरी."

तिला ऐकवावं की नाही, ठरत नव्हतं. शेवटी हेडफोन दिले. तिने माझा वेलचीचा गोड पाव चावायचा थांबवून ऐकलं. कपाळाला आठी घालून म्हणाली, "ही बाई कोण?"

"बाई कसली? रीनो आहे तो."

इर्याने हेडफोन काढले आणि माझ्याकडे पाहिलं. अशी ती कोणाकडे बघत नाही. मग म्हणाली, "वेलची जरा जास्त पडलीय पावात," आणि लवकर घरी गेली. तिचे कान आता गेलेच आहेत, मान्य करत नाही इतकंच.

२९ जानेवारी, बुधवार

सगळ्या खोल्या तपासल्या. माडी, जिना, तळघर, ओसरी. बहुतेक सगळीकडे तो आहे. कुठे स्पष्ट, कुठे पाण्याखालून आल्यासारखा. तळघरात तर फक्त दोन ओळी आणि भांड्यावर भांडं ठेवल्याचा आवाज.

आणखी एक लक्षात आलं. सुरुवातीचे रूम टोन छोटे आहेत, अर्ध्या मिनिटाचे, नेहमीसारखे. पुढे पुढे लांबत जातात. शेवटच्या दिवसाचा स्वयंपाकघरातला तर संपतच नाही.

फोन करून डेनीसला विचारलं. ती हसली. "पोरं बाहेर थंडीत नाचत होती, मिसेस कांगास. रीनो हात खाली घेईना. मी खिडकीतून खुणा केल्या तरी ढिम्म. माईक त्या मागच्या कोठीच्या दाराकडे वळवून बसला होता, जसं काही आत परमेश्वर बसलाय."

"तिकडे वळवणारच," मी म्हटलं, "दुसऱ्या बाजूला फ्रिज होता."

तिने विचारलं, "तुम्ही त्या दिवशी कुठे होतात?"

"मी कुठे असणार? कोठीत. तुमच्या तीस जणांचे कप कोण धुणार होतं?"

मी रोज जवळजवळ दिवसभर तिथेच असायचे, हे ती विसरली वाटतं.

आता मी काम असं करते. आधी त्याची ओळ ऐकते, मग पेटीवर खालून उत्तर देते, जागा सोडून, त्याच्या ओळीवर पाय न देता. तो जिथे थांबतो तिथे मी जाते. एवढं एकमेकांशी आम्ही कधी बोललो नव्हतो.

३ फेब्रुवारी, सोमवार

गस ओलँडरचा फोन. हा शहरात बसून चित्रपटाचा आवाज शेवटचा एकत्र करतो. माणूस हुशार, जीभ सैल.

"मॅडम, संगीत पहिल्या प्रतीचं. अंगावर काटा आला. फक्त एक सांगायचं होतं, मागे कोणीतरी बाई गुणगुणतेय प्रत्येक खोलीत. धुऊन काढतो, काळजी करू नका. आता असलं यंत्र आलंय, भूतसुद्धा पुसून निघतं."

"पुसायचं नाही," मी म्हटलं.

"नाही म्हणजे?"

"ते राहील. नाहीतर संगीत परत घेते."

"मॅडम, महिनाअखेर महोत्सवाला प्रत जायची आहे. डेनीस मला जिवंत सोडणार नाही."

"तिला मी रविवारच्या शाळेत बघितलंय. घाबरू नकोस."

फोन ठेवला. जे एवढे महिने मिळत नव्हतं ते मिळालं आणि आता एक माणूस बटण दाबून पुसणार. त्यातून हे शहाणे म्हणतात बाई! रीनोचा आवाज जरा पातळ होता, मान्य. पण बाई?

६ फेब्रुवारी, गुरुवार

डेनीस आली. गसने तिच्या कानावर घातलंच होतं. नाक लाल, सर्दीने बेजार. मी म्हटलं आधी सूप पी. ती पीत बसली.

शेवटी म्हणाली, "मिसेस कांगास, तुम्हाला खरंच खात्री आहे, तो रीनो आहे?"

"तुला नाही?"

"मला..." तिने चमचा खाली ठेवला. "असं करू या का? टेकडीवरच्या घरात जाऊ. फक्त तुम्ही आणि मी. तुम्ही स्वतः रीनोच्या यंत्रावर स्वयंपाकघराचा नवा रूम टोन घ्या. गसला स्वच्छ शांतता मिळेल, जुन्याला हात लावायची त्याला गरज पडणार नाही. आणि तुम्हाला... तुम्हाला काय ते कळेल."

तिच्या डोक्यात काहीतरी वेगळंच होतं, दिसत होतं. पण मला तिच्या डोक्याशी काय करायचंय? मी एवढंच ऐकलं, की त्या घरात जायचं. तो जर मार्चमध्ये तिथे होता तर अजून असेल. मी लगेच हो म्हणाले. ती गेल्यावर रीनोचं यंत्र काढून पुसलं. बॅटऱ्या मेल्या होत्या. नव्या आणल्या.

१० फेब्रुवारी, सोमवार

जाऊन आलो.

रस्ता टेकडीच्या पायथ्यापर्यंतच उपसलेला होता. पुढे बर्फात चालायच्या पट्ट्या बुटांना बांधून गेलो. डेनीस पुढे, मी मागे, शिंका ऐकत. वाटेवर दुसरं एकही पाऊल नव्हतं, हरणाचंसुद्धा. युलितालोंनी पाईप फुटू नयेत म्हणून घर उबवायची गॅसची शेगडी मंद चालू ठेवली आहे. दार उघडल्यावर आतली हवा तोंडावर आली. कोमट, कोणीतरी नुकतंच उठून गेलेल्या अंथरुणासारखी.

स्वयंपाकघर तसंच आहे. मी यंत्र टेबलावर ठेवलं, माईक उभा केला आणि रीनो करायचा तसा कोठीच्या दाराकडे वळवला. कोठीचं दार अर्धवट उघडं होतं. आत अंधार. फ्रिज घरघरतो म्हणून त्याची तार काढली आणि डेनीसला म्हटलं, "गाडीच्या किल्ल्या दे." तिने न विचारता दिल्या. त्या मी फ्रिजमध्ये ठेवल्या. रीनोच्या धंद्यातली सगळी माणसं असंच करतात. किल्ल्या आत असल्या की फ्रिज बंद ठेवून कोणी घरी जात नाही.

"आता तू खिडकीशी उभी राहा. हलायचं नाही."

"आणि तुम्ही?"

"मी यंत्रापाशी."

ती माझ्याकडेच बघत राहिली, भिंतीकडे नाही, खिडकीबाहेर नाही. माझ्या तोंडाकडे. मला ते आवडलं नाही.

मी हेडफोन घातले, बटण दाबलं आणि हात वर केला. आयुष्यात पहिल्यांदा मी तो हात वर केला.

सुरुवातीला घराचा सूर. तोच, दोन पट्ट्यांच्या मधोमधचा. माझं काळीज इतकं वाजत होतं की यंत्र तेच उचलेल असं वाटलं. गुणगुण नव्हती. मी वाट पाहिली. घराचा सूर हळूहळू वाढत गेला, जवळ येत गेला, म्हणजे मला तसं वाटलं. माझ्या उजव्या कानात कोठीचं दार होतं.

आणि मग कोणीतरी घसा खाकरला.

मी तिथल्या तिथे यंत्र बंद केलं.

"डेनीस!"

ती दचकली. "काय?"

"घसा! जरा दम धरवत नाही?"

"मी? मी काहीच केलं नाही."

"मग मी केलं का?"

"तुमचं तोंड बंद होतं," ती म्हणाली. आवाज कसातरीच झाला होता. "मी पूर्ण वेळ बघत होते. तुम्ही गुणगुणला नाहीत, काही नाही. मिसेस कांगास, मी खाकरले नाही. शपथ."

"शपथ घेऊ नये हे शिकवलं होतं मी तुला."

एवढ्या लांब येऊन पहिलाच टेक बिघडला, मला भारी राग आला. सर्दी होती तर तोंडावर रुमाल धरायचा. बिघडलेला टेक पुसला आणि पुन्हा घेतला. रीनोचा नियम होता. आपला खोकला, आपली खुर्ची, आपली चूक दुसऱ्याच्या माथी मारायची नाही. पुसायचं आणि पुन्हा.

दुसरा टेक मी खूप लांबवला. हात दुखेपर्यंत. काही आलं नाही. गुणगुण नाही. आणि मला समजत नाही ते हे, की ह्या वेळी घराचा सूरसुद्धा नव्हता. शेगडी तीच, छपरावरचा बर्फ तोच. पण खोली अशी गप्प, जशी एखादी वस्तू गप्प असते. अशी शांतता मी कधी ऐकली नाही. गसला आवडेल.

फ्रिज सुरू केला, किल्ल्या काढल्या. डेनीसला घाईने बाहेर पडायचं होतं. उतरताना ती सारखी मागे वळून आमच्या पावलांकडे बघत होती.

११ फेब्रुवारी, मंगळवार

तो तिथे नाही. होता तो मार्चमध्ये होता. आता फक्त जुन्या रेकॉर्डिंगमध्ये आहे. तेवढं का होईना, गसपासून वाचवलं पाहिजे. काम केलं नाही आज.

१५ फेब्रुवारी, शनिवार

डेनीस सकाळी आली. ह्या खेपेला कोट काढला, बूट काढले, टेबलापाशी नीट बसली. मी ओळखलं, काहीतरी सांगायला आलीय.

"रागावू नका."

"बोल."

"त्या मागच्या कोठीतून तुम्हाला रीनोचा हात दिसायचा?"

मी विचार केला. "नाही. मध्ये दार होतं."

"तो तोंडाने तर काही बोलायचा नाही. मग रेकॉर्डिंग सुरू आहे हे तुम्हाला कसं कळायचं?"

तिने तिचा फोन काढला. सोमवारी मी फ्रिजमध्ये किल्ल्या ठेवायच्या आधी कप विसळत होते, कोरड्या कपांवर धूळ होती म्हणून, तेव्हा तिने मागून चार क्षण टिपले होते. मला माहीत नव्हतं. माझी पाठ, नळ, आणि एक पातळ, म्हातारा होत चाललेला बाईचा आवाज. तिसरी ओळ वर जाते आणि पोचायच्या आधी परत फिरते.

"पुन्हा लाव," मी म्हटलं. तिने लावलं. मी आपला आवाज ओळखला नाही. पण पाठ माझीच होती.

इर्या, गस, ही, सगळ्यांना आधीच कळलेलं होतं. मीच एकटी.

म्हणजे तो युनिटला बाहेर काढायचा आणि माईक माझ्याकडे वळवायचा. दिवसागणिक जरा जास्त वेळ. कुठल्या चित्रपटाला एवढी शांतता लागते? आणि मी आत कप धूत होते, मला पत्ता नाही. घरी आल्यावर विचारलं असेल, कसं झालं काम, तर म्हणाला असेल, ठीक.

मी रडले. लपवत नाही. डेनीसने पुसायला रुमाल दिला आणि स्वतःही नाक ओढलं. मी म्हटलं, "म्हणजे त्याचा आवाज माझ्याकडे नाही तो नाहीच. गुणगुणणारी मीच निघाले."

"तुम्ही निघालात," ती म्हणाली. "गस म्हणेल तर काढून टाकू. तुम्ही सांगाल तसं."

"राहू दे. त्याने हात वर धरून घेतलंय ते."

मग मी कॉफी ठेवली. तिने पाव खाल्ला. जरा हलकं वाटत होतं, खरं सांगते. माणसाला हवं ते मिळालं नाही, पण त्याच्या शेजारचं काहीतरी मिळालं की होतं तसं.

जायला उठता उठता ती म्हणाली, "त्या दिवशीचा पहिला टेक, तो आहे का अजून?"

"बिघडलेला टेक कोण ठेवतं?"

"पुसला?"

"तुझ्यासमोरच पुसला की."

ती उभीच राहिली. "ते खाकरणं... ऐकायला कसं होतं?"

"कसं म्हणजे? खाकरण्यासारखं. जाड. बोलायच्या आधी माणूस घसा साफ करतो ना, तसं. काहीतरी सांगायचं असावं आणि सुरुवात कुठून करावी कळत नसावं, तसं. का गं?"

डेनीसचा चेहरा भिंतीसारखा पांढरा झाला. एक बाही कोटात, एक बाहेर. मला वाटलं चक्कर येतेय. मी खुर्ची पुढे केली, तिने धरली पण बसली नाही.

"काही नाही," ती म्हणाली. "मीच होते ती. मीच खाकरले."

"अगं, शपथ घेतली होतीस!"

"चुकले मी. रागावाल म्हणून नाही म्हटलं. मीच होते, मिसेस कांगास."

"एवढंसं कबूल करायला पाच दिवस? शाळेतही अशीच होतीस, खडू तूच खायचीस आणि फळ्याकडे बोट दाखवायचीस."

हसेल असं वाटलं होतं. तिने मला मिठी मारली, चांगली घट्ट, आणि बाहेर गेली.

तिची गाडी बराच वेळ सुरू झाली नाही. खिडकीतून पाहिलं, दोन्ही हात स्टिअरिंगवर ठेवून नुसती बसली होती, टेकडीच्या दिशेला तोंड करून. मी हात केला, पण काचेवर बर्फ असेल, तिला दिसला नाही. ह्या थंडीत बॅटऱ्या अशाच दगा देतात. इर्याच्या मुलाला उद्या तिची गाडी बघायला सांगते.